मगाचा कान

आमच्या कंपनीने मला आजवर चार मग दिले आहेत. पहिल्यावर '२०१०' असे लिहिले आहे, दुसऱ्यावर '२०१५', तिसऱ्यावर '२०२०' आणि चौथ्यावर '२०३०'. ही मगांच्या जन्माची साले नव्हेत. त्या-त्या साली कंपनी कुठे पोहोचलेली असेल, याचा तो वायदा आहे. एकोणतीस वर्षांच्या नोकरीत मिळालेले भिंतीवरचे घड्याळ बंद पडले, छत्री उलटी झाली, बॅगेची चेन गेली. मग मात्र चारही शाबूत आहेत. चिनी मातीला भविष्याची बाधा होत नसावी.

माझी तक्रार मगांबद्दल नाही, असे म्हणणार होतो, पण आहे. चौथ्या मगाचा कान इतका लहान आहे की त्यात माझे एकच बोट जाते. चहाने भरलेला मग एका बोटावर तोलता येत नाही. म्हणून दुसऱ्या हाताने तो अंगाशी धरावा लागतो, आणि नेमके तिथेच सोनेरी अक्षरांत 'एकत्र पुढे, २०३०कडे' असे छापलेले आहे. दोन महिन्यांत माझ्या बोटांनी 'एकत्र' पुसून टाकले. हे मी एचआरला कळवले. तिथून उत्तर आले की मग हे प्रतीक आहे, चहासाठी कँटीनमध्ये कागदी कप ठेवलेले आहेत.

मी या कंपनीत डेप्युटी मॅनेजर आहे, प्रॉडक्शन प्लॅनिंगला. भोसरीच्या एमआयडीसीत आम्ही गाड्यांचे गिअर बनवतो. माझ्यावर चार पायऱ्या आहेत आणि माझ्याखाली चार. म्हणजे मी अगदी मधोमध आहे. या जागेला 'मिडल मॅनेजमेंट' म्हणतात, आणि कंपनीचे कोणतेही दूरगामी धोरण फसले तर ते तिथेच फसलेले असते, अशी मान्यता आहे.

आधीच्या मगांचा हिशेब देतो, म्हणजे माझी वृत्ती पहिल्यापासून वाकडी नव्हती हे ध्यानात येईल. '२०१०' म्हणजे जागतिक दर्जा. '२०१५' म्हणजे पाच वर्षांत विक्री दुप्पट. ती झाली नाही, म्हणून '२०२०' आले. त्यातही विक्री दुप्पट होती. २०२० या आकड्याचे तेव्हा सगळ्यांनाच वेड होते. डॉ. अब्दुल कलाम आणि वाय. एस. राजन यांचे 'इंडिया २०२०' हे पुस्तक १९९८ मध्ये आले आणि पुढे बालवाडीपासून बँकेपर्यंत ज्याला-त्याला २०२० दिसू लागले. प्रत्यक्षात ते साल आले तेव्हा २५ मार्चपासून देश बंद होता, १ एप्रिलपासून गाड्यांच्या धुराचे बीएस-६ निकष लागू झाले होते, आणि त्या एप्रिलमध्ये देशातल्या बड्या मोटार कंपन्यांची देशांतर्गत विक्री शून्य झाली. आमचे उद्दिष्ट दुपटीचे होते. शून्याची दुप्पट शून्यच होते, त्यामुळे हिशेबाने पाहिले तर त्या महिन्यात आम्ही उद्दिष्ट गाठले.

चौथा मग लोणावळ्याला मिळाला. जुलैचा गुरुवार होता. पुण्याबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो, आमच्या भोसरी-पिंपरी पट्ट्यात कारखान्यांची साप्ताहिक सुट्टी गुरुवारी असते. रविवारी नव्हे. त्या गुरुवारावर आमच्या संसाराची घडी बसलेली आहे: दाढी, दळण, बँक, सासुरवाडी. दूरगामी धोरणाचा कार्यक्रम याच गुरुवारी ठेवला, कारण इतर दिवशी ठेवला असता तर उत्पादन बुडाले असते. भविष्यासाठी आजचा एक तासही खर्चायचा नाही, हे कंपनीचे खरे धोरण मला सकाळी सातला बसमध्ये चढतानाच समजले होते. हॉटेलात दाखवलेल्या चौसष्ट स्लाइड हा त्याचा विस्तार होता.

पहिलीच स्लाइड अशी होती: 'कंपन्यांतले ७० टक्के बदल अयशस्वी होतात.' सल्लागारांनी ती वाचून तीन सेकंद शांतता पाळली. आम्हीही पाळली. हा आकडा मी २००४, २०१० आणि २०१५ साली, तीन वेगवेगळ्या सल्लागारांकडून, तेवढ्याच शांततेत ऐकला होता. मधल्या काळात बदल घडवण्याच्या शास्त्रात एवढी प्रगती झाली, जॉन कॉटर यांच्या १९९६ च्या पुस्तकातल्या आठ पायऱ्या आमच्या जिन्यातसुद्धा चिकटवल्या गेल्या, पण सत्तरचे एकोणसत्तर झाले नाहीत. पुढे मला कळले की मार्क ह्यूज नावाच्या अभ्यासकाने २०११ मध्ये या आकड्याचा माग काढला, तेव्हा त्याच्या बुडाशी धड पुरावाच सापडला नाही. एकाने दुसऱ्याचा उतरवला होता, दुसऱ्याने तिसऱ्याचा. शाळेत यासाठी छडी मिळत असे. इथे मानधन मिळते.

दुसऱ्या स्लाइडवर त्रिकोण होता. वरचे टोक निळे, तळ हिरवा आणि मधला पट्टा मातकट. सल्लागार म्हणाले, ''वरून व्हिजनचं पाणी पडतंय. खाली मुळं तहानलेली आहेत. आणि मध्ये हा चिकणमातीचा थर आहे, जो पाणी खाली जाऊच देत नाही.'' मग ते आमच्याकडे पाहून हसले. आम्ही त्रेचाळीस जण होतो. मातीला हसायचे असते की नाही हे ठाऊक नसल्याने काही जण हसले.

मी शेतकऱ्याच्या घरचा. आमच्या गावाजवळ मातीचे धरण आहे. अशा धरणाच्या पोटात मधोमध काळ्या चिकणमातीचा गाभा भरतात. पाटबंधारे खात्यातले लोक त्याला 'हार्टिंग' म्हणतात आणि बाहेरच्या मुरमाला 'केसिंग'. पाणी अडते ते त्या गाभ्यामुळे. तो नसला तर उरते ते लांबलचक टेकाड. मी हात वर करून एवढेच सांगितले. सल्लागार म्हणाले, ''ग्रेट पॉइंट, सर. पार्किंग लॉटमध्ये टाकू या.'' पार्किंग लॉट म्हणजे भिंतीवर चिकटवलेला एक मोठा कागद, त्यावर नको असलेले मुद्दे लिहून ठेवतात. संध्याकाळी हॉटेलच्या पोऱ्याने तो गुंडाळून नेला. माझा मुद्दा अजूनही लोणावळ्यातच उभा आहे.

जेवणानंतर 'बाय-इन'चे सत्र होते. हा शब्द दिवसभरात इतक्या वेळा आला की मी शेजारच्या क्वालिटीवाल्यांना हळूच विचारले, ''म्हणजे नक्की करायचं काय?''

''विकत घ्यायचं.''

''काय?''

''त्यांनी ठरवलेलं.''

''आणि पैसे?''

''आपलेच. मग ते देतायत.''

यानंतर बारा फुटी फ्लेक्स आला. त्यावर 'मी कटिबद्ध आहे' असे छापलेले होते आणि खाली आम्ही सह्या करायच्या होत्या. मार्कर एकच होता. सतराव्या सहीला तो सुकला. माझी तेविसावी. जोर देऊन केल्यामुळे ती उमटली आहे, पण दिसत नाही. उजेडात तिरकी धरली तर दिसते. माझ्या पाठिंब्याचे याहून प्रामाणिक चित्र मला काढता आले नसते. तो फ्लेक्स पुढे आठ दिवस रिसेप्शनला होता. नंतर पाऊस वाढला आणि डिस्पॅचच्या शेडची एक बाजू गळू लागली, तेव्हा स्टोअरच्या लोकांनी तो तयार मालाच्या पॅलेटवर टाकला. चांगला जाड होता. आमच्या कटिबद्धतेने त्या पावसाळ्यात चार हजार गिअरना गंज लागू दिला नाही.

मधल्या माणसाचा पाठिंबा मिळवणे ही या मुलखात नवी गोष्ट नाही. राजा आणि रयत यांच्यामध्ये देशमुख-देशपांडे होतेच. वर निजामशाही आली, आदिलशाही आली, मोगल आले. परगणा चालवायला हीच माणसे लागत. राज्य बदलले की नवा सत्ताधीश जुन्या वतनदाराला नव्याने सनद करून देई. त्याचे वतन काय, हक्क काय, लवाजिमा काय, हे शिक्क्यानिशी लिहून येई. ती पद्धत चांगली होती असे माझे म्हणणे नाही. रयतेला त्या वतनदारांचा भरपूर जाच झाला. पण पाठिंबा मागताना समोरच्याच्या पदरात काय पडणार हे आधी लिहून द्यायचे असते, एवढी व्यवहाराची समज सुलतानांनाही होती. आम्हाला मग मिळाला.

आता एक अडचणीची कबुली. धोरण बरोबर आहे.

इलेक्ट्रिक गाडीला क्लच लागत नाही, आणि पाच-सहा गिअरचा जुडगाही लागत नाही. मोटरचा वेग कमी करून चाकाला देणाऱ्या थोड्या गिअरवर काम भागते. म्हणजे गाडी तीच, रस्ता तोच आणि आमच्या मालाचे गिऱ्हाईक निम्म्याहून कमी. वर जे गिअर लागतात ते जास्त नाजूक कामाचे. मोटर मिनिटाला दहा हजारांच्या पुढे फेरे घेते, आणि इंजिनाची घरघर नसल्यामुळे गिअरचा आवाज थेट गाडीत बसलेल्याच्या कानावर येतो. पेट्रोलच्या गाडीत जी शीळ इंजिनाखाली दबून जायची, ती इथे ऐकू येते. म्हणून दात जास्त बारकाईने घासावे लागतात, मायक्रॉनच्या हिशेबात. आमच्या '२०३०'चा सारांश एवढाच आहे: निम्मी विक्री अशा गिअरमधून यावी. यात न पटण्यासारखे काय आहे?

मला तर ते इतके पटले होते की २०१८ साली मी हेच कायझेन कार्डावर, म्हणजे सुधारणा सुचवायच्या कार्डावर, लिहून दिले होते. कार्डावर 'आधी', 'नंतर' आणि 'दरमहा बचत रुपयांत' असे तीन रकाने असतात. तिसऱ्या रकान्यात मी रेघ ओढली. कार्ड अपूर्ण म्हणून परत आले. त्या महिन्यातले बक्षीस कँटीनमधल्या चमच्यांसाठी वेगळा ट्रे सुचवणाऱ्याला गेले. ती सूचना चांगली होती. चमचे आजही सापडतात.

तेव्हा धोरण आणि मी, आमच्यात मतभेद नाही. आमच्यामध्ये एक मशीन आहे.

ते गिअर ग्राइंडिंगचे मशीन आहे आणि ते एकच आहे. नेहमीचे गिअर त्यावरच होतात आणि इलेक्ट्रिक गाडीच्या नव्या गिऱ्हाइकाला पाठवायची सॅम्पलही त्यावरच होणार. सेटिंग बदलायला साडेतीन तास लागतात. साठ सॅम्पल काढायला चार. म्हणजे एक शिफ्ट गेली, आणि एका शिफ्टमध्ये नेहमीचे सव्वादोनशे गिअर निघतात. लोणावळ्याहून परतल्यावर आलेल्या पहिल्याच अठ्ठावीस तारखेला मी सॅम्पलसाठी दुसरी शिफ्ट लावली. कारण मी कटिबद्ध होतो, तिरके धरले तर दिसेल इतपत. दुपारी सव्वातीनला प्लँट हेड साहेबांचा फोन आला.

''ग्राइंडिंगला काय लावलंय?''

''सर, ते ईव्हीचे सॅम्पल. २०३०चे.''

''आज तारीख काय?''

''अठ्ठावीस.''

''मग? सव्वादोनशे कमी पडले आणि कस्टमरची लाइन थांबली तर डेबिट नोट कोण घेणार, २०३०?''

''नाही सर.''

''सॅम्पल पुढच्या आठवड्यात काढू. आणि हो, पाच तारखेला व्हिजन रिव्ह्यू आहे. तुमच्या सॅम्पलचं स्टेटस टाका त्यात.''

मी सेटिंग परत फिरवले. त्याला आणखी साडेतीन तास गेले, त्यामुळे नेहमीचे गिअरही कमी पडले. पाच तारखेच्या रिव्ह्यूत सॅम्पलसमोर लाल ठिपका होता आणि 'कारण' या रकान्यात लिहिले होते: मिडल मॅनेजमेंटचा पाठिंबा अपुरा. ती फाइल मीच भरली होती. फक्त 'कारण'चा रकाना ड्रॉपडाउन आहे आणि त्यात चारच पर्याय येतात. 'मशीन एकच आहे' हा पर्याय नाही.

साहेबांना मी दोष देत नाही. ते आमच्यापेक्षा एक पायरी वर आहेत एवढेच. तेही कुणाच्या तरी मधोमधच आहेत. आमच्या पगारवाढीचा फॉर्म पाहिला की सगळे उलगडते. शंभर गुण असतात. चाळीस डिस्पॅचचे, पंचवीस क्वालिटीचे, वीस खर्चाचे, दहा सेफ्टीचे आणि उरलेले पाच 'व्हिजन अलाइनमेंट'चे. कॅप्लन आणि नॉर्टन यांनी १९९२ मध्ये 'बॅलन्स्ड स्कोअरकार्ड' मांडले तेव्हा त्यांचे म्हणणे होते की कंपनीचे मोजमाप नुसत्या पैशावर नको. गिऱ्हाईक, आतले कामकाज, शिकणे आणि वाढणे याही बाजू मोजा. आम्ही त्या चारही बाजू घेतल्या आणि चारही ३१ तारखेला मोजतो. व्हिजनचे पाच गुण हजेरीचे आहेत. लोणावळ्याला आला, फ्लेक्सवर सही केली, की पाच. त्रेचाळीसपैकी त्रेचाळीस जणांना पाच मिळाले. ज्यांना बस लागली आणि जे दिवसभर खोलीत झोपून होते, त्यांनाही.

म्हणजे पंचाण्णव गुण महिनाअखेरीला आणि पाच गुण २०३० ला. शाळेतला पोरगाही अशा वेळी कशाचा अभ्यास करेल? आणि चित्रकलेला पाचच गुण ठेवून वर्गात चित्रकार का निघत नाहीत म्हणून कोणती शाळा पालकसभा बोलावते?

सगळ्यात अवघड काम 'कॅस्केड'चे होते. कॅस्केड म्हणजे धबधबा. वरून आलेले धोरण प्रत्येकाने आपल्या खालच्यावर सोडायचे. त्यासाठी शिफ्ट सुरू होण्यापूर्वीची दहा मिनिटे मिळाली आणि चौसष्ट स्लाइड सहांत बसवल्या. ग्राइंडिंगवर आमचे एक मामा आहेत. चोवीस वर्षे त्याच मशीनवर. ग्राइंडिंगच्या चाकाचा आवाज बदलला की डोळे मिटून सांगतात, ड्रेसिंगला, म्हणजे धार लावायला, आले म्हणून. मी सहा स्लाइड दाखवल्या. निळा बाण वर जात होता. मामांनी शेवटपर्यंत पाहिले आणि विचारले, ''सायेब, पेट्रोलचं काम कमी होणार म्हणताय. मग हॉबिंगवरची पोरं कुठं जाणार? आणि आपलं मशीन ऱ्हाणार का?''

प्रश्न दोन होते, बरोबर होते, आणि धोरणाचे सगळे मर्म त्यात होते. माझ्याजवळ सातवी स्लाइड नव्हती. मी म्हणालो, ''त्याचं पुढच्या तिमाहीत कळवणारेत.'' मामा म्हणाले, ''बरं.'' त्या 'बरं'मध्ये मला आजवरचे चारही मग दिसले. मी खालच्यांशी बोलतो तेव्हा त्यांना वाटते, याला माहीत आहे पण सांगत नाही. मी वरच्यांना विचारतो तेव्हा त्यांना वाटते, हा विरोध करतोय. धबधब्याच्या मध्यावर जो दगड असतो, त्याला दोन्हीकडून पाणीच लागते.

स्लाइडवरचे ज्ञान सगळे चुकीचे होते असे नाही. एक स्लाइड जपानवर होती. तिथे १९६०च्या दशकात 'होशिन कानरी' नावाची पद्धत रुजली. वरचा माणूस धोरण चेंडूसारखे खाली टाकतो. खालचा ते झेलतो, त्याला आपले म्हणणे जोडतो आणि परत वर टाकतो. असे वर-खाली होता होता दोघांना पेलेल असे काहीतरी हातात उरते. याला तेही इंग्रजीतून 'कॅचबॉल'च म्हणतात. मी खुर्चीत सावरून बसलो. वाटले, आता आपली पाळी. सल्लागारांनी पिशवीतून स्पंजचे चेंडू काढले. पंधरा मिनिटे आम्ही एकमेकांकडे फेकले. मग त्यांनी ते मोजून परत घेतले.

दुसरी एक स्लाइड गुथ आणि मॅकमिलन या अभ्यासकांच्या १९८६ च्या लेखाची होती. मधल्या व्यवस्थापकांना आपल्या हितावर गदा येतेय असे वाटले तर ते धोरणाला फाटा देतात, उशीर लावतात किंवा पाडतातसुद्धा, असे त्यात आहे. सल्लागारांनी हे वाचताना परचेसच्या साहेबांकडे का पाहिले, ते मला सांगता येणार नाही. पण मला उत्सुकता वाटली म्हणून पुढच्या एका गुरुवारी, दळण आणल्यावर, या विषयावर आणखी काय लिहिले गेले आहे ते पाहिले. क्वी हुई नावाच्या अभ्यासकाचा २००१ चा 'हार्वर्ड बिझनेस रिव्ह्यू'मधला लेख सापडला. मधल्या व्यवस्थापकांची बाजू घेणारा. मोठे बदल जिथे तडीस गेले तिथे मधली माणसे चार कामे करत होती, असे तो म्हणतो: नवे काही सुचवणे, निरोप नीट पोहोचवणे, घाबरलेल्या माणसांना धीर देणे, आणि बदल व रोजचे काम यांच्यामध्ये दोरीवर तोल सांभाळत चालणे. ही शेवटची कसरत तर आम्ही दर महिन्याला करतो. पण खाली पैसे टाकणारे कोणी नसते, आणि अर्धी दोरी गेल्यावर कोणीतरी फोन करून तारीख विचारते. हा लेख चौसष्ट स्लाइडांत नव्हता. पासष्टावी बसली नसावी.

पीटर ड्रकर यांनी १९५४ मध्येच लिहून ठेवले होते की व्यवस्थापकाची उद्दिष्टे ठरवताना त्याचा स्वतःचा हात असावा. आमच्याकडे उद्दिष्टे आली. हात फक्त सहीला लागला.

मन मोकळे करण्याचीही सोय होती. कार्यक्रमानंतर 'निनावी' सर्वेक्षण आले. पहिला प्रश्न: विभाग. दुसरा: हुद्दा. तिसरा: सेवेची वर्षे. चौथा: वय. प्रॉडक्शन प्लॅनिंगमध्ये एवढी वर्षे काढलेला डेप्युटी मॅनेजर एकच आहे, आणि तो फॉर्म भरत होता. पाचवा प्रश्न होता, 'तुम्ही मोकळेपणाने मत मांडू शकता का?' मी 'पूर्णपणे सहमत' वर खूण केली.

वयाचा रकाना भरताना एक गोष्ट लक्षात आली. माझा जन्म मार्च १९७१ चा. आमच्याकडे निवृत्ती अठ्ठावन्नला. म्हणजे ३१ मार्च २०२९ रोजी मला नारळ, शाल आणि बहुधा मग मिळेल. ज्या वर्षाकडे मला 'एकत्र' जायचे आहे, त्या वर्षी मी गावी धरणाजवळ असेन. हॉलमधल्या त्रेचाळीसपैकी अकरा जणांचे असेच आहे. ही तारीख गुपित नव्हती. एचआरच्याच संगणकात होती. तरी आम्हाला बोलावले, बस दिली, सह्या घेतल्या. जे झाड आपण पाहणार नाही ते लावावे असे थोरले सांगतात, आणि मी लावायला तयार आहे. फक्त खड्डा खणायला ज्या दिवशी कुदळ देता, त्या दिवशी ती काढून घेऊ नका.

सॅम्पलचे काय झाले ते सांगतो. ती गेली. गिऱ्हाइकाने पासही केली.

ऑक्टोबरमधल्या एका गुरुवारी गेली. मशीन रिकामे असण्याचा तो एकच वार. मी मामांना विचारले. ते म्हणाले, ''येतो की. बघू तरी, ते नवं काय आसतंय.'' हॉबिंगची, म्हणजे गिअरचे दात कापणारी, दोन पोरे आपणहून आली; मामांनी सांगितले होते, शिकून घ्या, कामाला येईल. लोणावळ्याच्या धबधब्याला जे उत्तर देता आले नाही, ते मामांनी असे परस्पर देऊन टाकले. सकाळी आठला सेटिंग धरले. पहिले तीन गिअर टेस्टिंगला नापास झाले. चौथ्याला मामांनी चाक पुन्हा ड्रेस केले, कान लावून उभे राहिले आणि म्हणाले, ''आता गप बसलंय.'' संध्याकाळी सहापर्यंत साठ नग मोजून, तेल लावून, खोक्यात भरले. चहा गेटबाहेरच्या टपरीवरून आणला. मी त्यांना माझा चौथा मग दिला. मामांचे बोट त्याच्या कानात शिरलेच नाही. त्यांनी तो ओंजळीत धरून चहा संपवला.

पुढच्या रिव्ह्यूत हिरवा ठिपका आला. 'यशाचे कारण' हाही रकाना ड्रॉपडाउनच आहे. त्यात 'लोणावळा कार्यशाळा' हा पर्याय होता, तो आपोआप निवडला गेला. सल्लागारांना पुढच्या वर्षाचे काम मिळाले आहे. कार्यक्रम याही वेळी गुरुवारीच आहे.

तेव्हा वरच्या मजल्यावर कोणी हे वाचत असेल तर माझी मागणी मोठी नाही. मशीन दुसरे घ्या असेही म्हणत नाही, ते भांडवलाचे काम आहे. महिन्यातून एक शिफ्ट २०३० च्या नावाने बाजूला काढा, आणि तिला हात लावणाऱ्याला डेबिट नोट द्या. पाच गुणांचे पंचवीस करा, आणि ते हजेरीचे नसू द्या. मामांच्या दोन प्रश्नांची सातवी स्लाइड करून पाठवा. कॅस्केड मी करतो, पुन्हा दहाच मिनिटांत. एवढे झाले तर माझी सही नव्या मार्करने घ्या, पुसायची नाही.

आणि पाचवा मग काढणार असाल, तर त्यावर कोणतेही साल छापा. फक्त कान जरा मोठा ठेवा.